जाणवडाला विचार करणं परवडेल का?

प्रश्न थोडक्यात असा. माझी एक जुनी विद्यार्थिनी, आता बँकेत नोकरीला, दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहितेय. प्रॉक्झिमा सेंटॉरी या ताऱ्याभोवतीच्या ग्रहावर विचार करणारं एक झाड आहे. त्याचं नाव तिनं ठेवलंय जाणवड. ३० मीटर उंच, काळ्या पानांचं, गाभ्यात मेंदू असलेलं, माणसांशी बोलणारं आणि वेळ पडली तर मुळं उपसून चालणारं. तिनं विचारलंय, "मॅडम, वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीनं हे कितपत पटतं? हसाल, पण खरं सांगा."

हसले नाही. कोल्हापुरात ३१ वर्षं शिकवलं, त्यात दर वर्षी दाजीपूरच्या नाहीतर आंबा घाटाच्या सहलीत कुणीतरी विचारायचंच, झाडांना कळतं का हो. आणि मी दर वर्षी पुढच्या झाडाचं शास्त्रीय नाव सांगून वेळ मारून न्यायचे. परग्रहावरच्या झाडाबद्दल निदान मोकळेपणानं बोलता येईल.

चालणं आधी काढून टाक. घरी एखादं रोप इकडचं तिकडे लावून बघ. कितीही जपून काढलंस तरी दोन दिवस मान टाकतं. पाणी ओढतात ती मुळांवरची बारीक रोमं, आणि ती मातीला अशी धरलेली असतात की उपसताना तुटतातच. ३० मीटरचं झाड मुळं उपसून दहा पावलं चाललं तर अकराव्या पावलाला तहानेनं मरेल. 'हे शास्त्रात बसत नाही' असं मी फक्त या एका गोष्टीबद्दल म्हणणार आहे.

आता मेंदू. झाडाला मेंदू परवडणारच नाही, असं बरेच जण ठोकून देतात. आधी हिशेब करू. माणसाचा मेंदू वजनानं शरीराच्या २ टक्के, खायला मात्र २० टक्के. हा खर्च साधारण २० वॉट, म्हणजे एक एलईडी ट्यूबलाईट. ऊन पिकवण्यात आपल्या भागात उसाचा हात कुणी धरत नाही. उन्हातून साखर करायची त्याची सी-४ नावाची युक्ती ऑस्ट्रेलियात हॅच आणि स्लॅक यांनी १९६६ साली उलगडली, तीही उसाच्याच पानावर. पण झाडं जवळपास सगळी जुन्या सी-३ वळणाची, त्यांच्या पदरात उन्हातला १ टक्का पडतो असं धर. दिवसरात्र मिळून ऊन चौरस मीटरला सरासरी २०० वॉट. त्यातले २ वॉट झाडाच्या पदरात. १० मीटर बाय १० मीटरचा डोलारा असेल तर २०० वॉट. निम्मे स्वतःच्या श्वसनात गेले तरी १०० उरतात. आपल्या अंगणातल्या आंब्याला पाच मेंदू पोसता येतील! त्यानं ते पोसले नाहीत, याचं कारण परवडत नाही हे नव्हे.

तुझ्या ग्रहावर मात्र चित्र पालटतं. प्रॉक्झिमा हा लहान, तांबडा, थंड तारा. तिथल्या ग्रहाला पृथ्वीच्या सुमारे दोन-तृतीयांश ऊर्जा मिळते, पण ती बहुतेक अवरक्त, म्हणजे आपल्या हरितद्रव्याच्या तोंडाला न लागणारी. म्हणून पानं काळी केलीस ते उत्तम केलंस. अशा ताऱ्यांखाली पानं काळी असू शकतील असं अभ्यासकही म्हणतात; मिळेल तो उजेड गिळायचा. तरी कथेपुरतं आपण उत्पन्न दहावा हिस्सा धरू. त्याच शंभर चौरस मीटरच्या डोलाऱ्याला आता मिळाले २० वॉट. बरोबर एका मेंदूपुरते. पान, साल, मूळ यांच्या पोटाला शून्य. म्हणजे जाणवडाला किमान दहापट पसरावं लागेल, हजार चौरस मीटर. उंच नको, रुंद कर. नावात वड ठेवलायस तर अंगानंही वडच होऊ दे. हावड्याजवळच्या शिबपूरच्या उद्यानातला वड दीड हेक्टरहून जास्त जागेत पसरलाय, सगळा पारंब्यांवर. हा आकडा लक्षात ठेव, पुन्हा लागणार आहे.

आता जागा. तू मेंदू खोडाच्या गाभ्यात ठेवलास. वनस्पतिशास्त्र शिकलेला वाचक तिथं अंक मिटून ठेवील. गाभा मेलेला असतो. झाड जिवंत असतं ते सालीलगत. पावसाळ्यात गुलाबाला डोळा भरताना बघितलं असशील. साल सुटलेली असते, चाकूचं बोथट टोक आत सरकवलं की ती अलगद उचलते आणि बोटाला बुळबुळीत ओल लागते. ती ओल म्हणजे कँबियम, मोजक्या पेशींचा थर. झाडाची सगळी वाढ तिथून. बाहेरच्या बाजूला साल तयार होते, आतल्या बाजूला लाकूड. आतलं लाकूड काही वर्षं पांढरट, ओलं राहतं आणि त्यातून आडव्या जाणाऱ्या काष्ठकिरणांच्या पेशी जिवंत असतात. मग झाड त्यांत टॅनिन, राळ असलं काहीबाही भरून त्या बंद करतं. सागाच्या गाभ्याचा तपकिरी रंग त्यातूनच आलेला.

म्हणून जाणवडाचा मेंदू हा गोळा नसेल, ती सालीखालची चादर असेल. आणि ही चादर दर काही काळानं बाहेर सरकते. जुनी मागं लाकडात राहते, किरणांच्या पेशी जिवंत आहेत तोवर तिच्याशी संबंध राहतो आणि एके दिवशी तिच्यात राळ भरली जाते. म्हणजे या झाडाचं बालपण त्याच्या पोटातच आहे, पण त्याला ते आठवत नाही. कुणी करवत लावली तर बाहेरच्याला दिसेल, त्याला नाही. मी लिहीत असते तर कथा इथूनच सुरू केली असती. असो, कथा तुझी.

खरी अडचण वेगाची आहे. आमच्या प्रयोगशाळेत दर वर्षी लाजाळूवर एक प्रयोग व्हायचा, तुझ्या बॅचनंही केलाय. पेटती उदबत्ती टोकाच्या पर्णिकेला लावायची, फक्त टोकाला. दोन क्षण काहीच नाही. मग त्या टोकाची जोडी मिटते, मग तिच्या मागची, मग तिच्या मागची, जुन्या पेठेत दुकानाच्या फळ्या एकेक करून लागाव्यात तशी. देठाच्या बेचक्याशी पोचून जरा थबकते आणि शेजारच्या शाखेवर आता उलट, बुंध्याकडून टोकाकडे मिटत जाते. शेवटी सगळं पान धपकन खाली. जगदीशचंद्र बोसांनी शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी हेच विजेच्या भाषेत मोजलं; इंग्लंडमधल्या शरीरशास्त्रज्ञांना ते बराच काळ पचलं नाही. लाजाळूतला निरोप सेकंदाला दोन-तीन सेंटिमीटर जातो. वनस्पतींत हा धावपटू म्हणायचा. अळीनं पान कुरतडल्यावर साध्या रोपात धोक्याची जी कॅल्शियमची लाट उठते ती सेकंदाला मिलिमीटरभरच सरकते. २०१८ साली ती चित्रित झाली तेव्हा कळलं की तिला चालना देणारं रसायन ग्लूटामेट आहे, आपल्या मेंदूत चेतापेशी एकमेकींना इशारा देतात तेच. सामान तेच, पण इथं मालगाडीनं जातंय.

या मालगाडीनं तुझं ३० मीटरचं झाड ओलांडायला ३०,००० सेकंद, म्हणजे आठ तास वीस मिनिटं. माणसाच्या मेंदूत १५ सेंटिमीटर ओलांडायला सेकंदाला दहा मीटरचा वेग धरला तर १५ मिलिसेकंद. फरक वीस लाख पटींचा. माणसाच्या एका सेकंदाच्या विचाराला या झाडाला २३ दिवस लागतील. तुझं झाड १,००० वर्षांचं आहे ना? १,००० वर्षांत त्यानं केलेला सगळा विचार माणसाच्या जेमतेम साडेचार तासांचा. सकाळी कोल्हापूरच्या सीबीएस स्टँडवरून एसटीत बसलीस तर पुण्याचं स्वारगेट यायच्या आत या झाडाचं आयुष्यभराचं चिंतन संपलं!

यातून सुटायला दोन गोष्टी कर. एक, निरोपाचा वेग लाजाळूचा दे. पृथ्वीवर तो आहे, त्यामुळे कुणी हरकत घेणार नाही. दुसरी, सगळ्या झाडानं मिळून विचार करायचा हा हट्ट सोड. फांदीच्या प्रत्येक बेचक्यात या चादरीची एक जाड गाठ असू दे, १५ सेंटिमीटरची, माणसाच्या मेंदूएवढी. तेवढं अंतर सेकंदाला दोन सेंटिमीटरनं साडेसात सेकंदांत ओलांडता येतं. माणसाच्या एका सेकंदाला गाठीची आठेक मिनिटं. हे सुसह्य आहे.

मग हे झाड कसं झालं? कोल्हापूरसारखं झालं. पेठापेठांत तालमी, प्रत्येक तालमीचं स्वतःचं मत, स्वतःचा फुटबॉलचा संघ, शेजारच्या पेठेशी खुन्नस. २०१९ च्या महापुरात कुणी वरून सांगायची वाट बघितली नव्हती. पाणी दारात आलं तशी एकेक तालीम कामाला लागली आणि अख्खं गाव म्हणून आपण एकत्र काय करतोय हे नंतर कळलं. जाणवडाच्या गाठी या तालमी. सगळं झाड म्हणून त्याला मन आहेच, पण ते फार सावकाश जागं होतं. आणि तुझा नायक ज्याच्याशी बोलतो ते झाड नव्हेच. तो एका तालमीशी बोलतोय. तिनं दिलेला शब्द बाकीच्यांना मान्य होईल का, हे तिलाही माहीत नाही.

इथवर 'कसा' झालं. 'कशाला' हे तू मला सांगितलंच नाहीस, आणि माझ्या मते कथा तिथंच लंगडते आहे. समुद्रात अॅसिडिअन म्हणून प्राणी असतात. पिल्लू असताना पोहतात, तेव्हा त्यांना छोटासा मेंदू असतो. एकदा खडकाला चिकटले की तो बहुतेक जिरवून टाकतात. जागा ठरली, आता त्याचं काय काम? झाड तर जन्मापासूनच चिकटलेलं. त्याला करायचं ते बरंचसं ठरीव नियमांनी भागतं. व्हीनसचा सापळा, म्हणजे किडे खाणाऱ्या एका रोपाचं पान, वीसेक सेकंदांत दोनदा केसाला स्पर्श झाला तरच मिटतो, म्हणजे तो दोनपर्यंत मोजतो. आपली सह्याद्रीतली कारवी सात वर्षं मोजते आणि आठव्या पावसाळ्यात डोंगरच्या डोंगर एकदम जांभळा करते. पण मोजणं म्हणजे विचार नव्हे. घड्याळही मोजतं.

तेव्हा जाणवडाला असा पेच दे की जिथं नियम पाळणारं झाड मरतं. सुदैवानं तू तारा अचूक निवडलायस. प्रॉक्झिमा भडकतो. त्यातून अचानक अतिनील आणि क्ष-किरणांचे लोट उठतात. २०१६ साली सापडलेला त्याचा ग्रह ताऱ्यापासून फक्त ७३ लाख किलोमीटरवर; भडक्याचा उजेड २४ सेकंदांत पोचतो. त्यावर पानानं मिटायचं, हे लाजाळूसुद्धा करील, त्याला मेंदू नको. पण भडक्याबरोबर कधीकधी ताऱ्यातून तप्त कणांचा झोतही सुटतो. सेकंदाला १,००० किलोमीटर धरला तर तो ग्रहावर पोचायला दोन तास. तो आदळला की वातावरणाचं वरचं संरक्षण विरळ होईल आणि पुढं कित्येक दिवस अतिनील किरणं थेट पानांवर. अशा वेळी रस मुळांत ओढून घेऊन सगळी पानं टाकून दिलेली बरी. पण प्रत्येक भडक्याबरोबर झोत नसतो, असला तरी ग्रहाच्या दिशेनं असेलच असं नाही. दर भडक्याला पानं टाकणारं झाड उपाशी मरेल, कधीच न टाकणारं भाजून मरेल. हाताशी वेळ दोन तास.

बरं, या ताऱ्याच्या धुसफुशीला साधारण सात वर्षांचं चक्र असावं असं निरीक्षणांतून दिसलंय. आपली कारवी आठवली ना? मला हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा उगीचच आनंद झाला होता, दोन्हींचा एकमेकांशी काडीचा संबंध नाही. पण ताऱ्याचं चक्र कारवीसारखं काटेकोर नसतं. नुसतं मोजणारं झाड तिथं फसेल. मागच्या वेळी कसं झालं, त्याच्या मागच्या वेळी कसं, आजचा उजेड त्यातल्या कशासारखा, असं तोलणारं तगेल. या ग्रहाचं वर्ष ११.२ दिवसांचं, ऋतू जवळपास नाहीत, म्हणून लाकडात वर्षाची वलयंही पडणार नाहीत. वलय पडेल ते पानं टाकल्याचं. म्हणजे चादरीत साठतात त्या आठवणी याच: केव्हा टाकली, केव्हा ठेवली, काय झालं. आणि जुन्या राळेत बुजत जातात, त्यामुळे मोठ्या आपत्तीला फार दिवस झाले असतील तर झाड निर्धास्त होतं. पंचगंगेच्या काठावर घर बांधणाऱ्यांसारखं.

आता तो दीड हेक्टर काढ. भडका सगळ्या तालमींना एकदमच दिसतो, पण सगळ्यांचं मत मध्ये येऊन निर्णय परत कडेपर्यंत जायला एक पूर्ण व्यास ओलांडावा लागतो. दीड हेक्टरच्या गोल झाडाचा व्यास १३८ मीटर. सेकंदाला दोन सेंटिमीटरनं ६,९०० सेकंद, म्हणजे एक तास पंचावन्न मिनिटं. झोत दोन तासांत येतोय! मी हे गणित तीनदा तपासलं, कारण ते इतकं जुळून येईल असं वाटलं नव्हतं. हजार चौरस मीटरच्या खाली जाणवड उपाशी, दीड हेक्टरच्या वर त्याच्या कडा निर्णय यायच्या आत भाजणार. भूक त्याला पसरायला लावते आणि घाई आखडायला. मर्यादेवर पोचलेल्या झाडात कडेच्या तालमी केंद्राची वाट न बघता आपलं आपण ठरवू लागतील. ही फूट म्हण, नवं झाड जन्माला येतंय म्हण, तुझ्यावर आहे.

वडाच्या बाबतीत 'एक झाड' म्हणजे काय हा घोळ आपल्याकडेही आहे. शिबपूरच्या वडाचं मूळ खोड बुरशीनं पोखरलं म्हणून १९२५ साली काढून टाकलं. वड अजून वाढतोय. आमच्या कॉलनीच्या तोंडाशी एक वड होता, रस्ता रुंद करताना तोडला. तीन दिवस बुंध्यातून चीक गळत होता. त्याची एक फांदी मी घरामागं रोवली, ती आता माझ्यापेक्षा उंच आहे. तो तोच वड का? साध्या वडाला हा प्रश्न पडत नाही. जाणवडाला पडेल. आणि आंब्यासारखं कोय कलम केलं तर? खुंट रायवळाचा, काडी हापूसची. आठवणी जर सालीखालच्या चादरीत असतील तर जोडावर दोन चादरी एकमेकींत शिवल्या जातील. कुणाचा भूतकाळ कुणाच्या अंगात? तुझ्या ग्रहावर माणसं पोचलीच आहेत तर त्यांतला एखादा माळी हे करून बघणारच. माळी कुठंही गेला तरी स्वस्थ बसत नाही.

राहिलं बोलणं. तडतड आवाज दे हवा तर. तहानलेली, कापलेली टोमॅटो-तंबाखूची रोपं लाह्या फुटाव्यात तसे आवाज करतात, आपल्याला ऐकू न येणारे, हे तेल अवीवच्या संशोधकांनी २०२३ मध्ये दाखवलं. पण बहुधा तो पाण्याच्या नळीत बुडबुडा फुटल्याचा आवाज. पोट गुडगुडलं म्हणजे आपण बोललो असं होत नाही. बुरशीच्या जाळ्यातून झाडं गप्पा मारतात ही सध्याची लाडकी गोष्ट. १९९७ च्या एका चांगल्या प्रयोगावर तिचा इतका मोठा डोलारा उभा राहिला की २०२३ साली त्याच क्षेत्रातल्या लोकांना लिहावं लागलं, पुरावा एवढं म्हणत नाही. तू ती वापरू नकोस, सगळेच वापरतात.

वास वापर. अमरवेलीचं कोवळं रोप वासावरून टोमॅटो कुठं नि गहू कुठं हे ओळखून टोमॅटोकडे वळतं, हे २००६ साली दिसलंय. आणि तुझ्या ग्रहावर वासाला एक मजेदार अट आहे. त्याची एक बाजू बहुधा कायम ताऱ्याकडे, दुसरी कायम अंधारात. मग जमिनीलगतचा वारा नेहमी थंड बाजूकडून तापलेल्या बाजूकडे वाहील, बारा महिने तेरा काळ. आपल्याकडे गुऱ्हाळ पेटलं की काहिलीचा वास वाऱ्याखालच्या वस्तीलाच येतो, वरच्या वस्तीला पत्ताही नसतो. तिथं हे कायमचं. उजेड-अंधाराच्या सीमेवरची झाडं बोलतात, उजेडाच्या बाजूला आत असलेली ऐकतात, आतल्यांचं उत्तर कधीच परत पोचत नाही. आतल्या झाडांना सगळ्या जगाच्या बातम्या असतात आणि सांगायला कुणी नसतं. सीमेवरच्यांना वाटतं आपण एकटेच आहोत.

तुझा नायक या दोघांमधून चालत जाऊ शकतो. त्याला पाय आहेत. पाय त्याच्याकडेच ठेव, झाडाला देऊ नकोस.

आणि मसुद्याच्या चौथ्या पानावर एक वाक्य आहे, 'त्या रात्री जाणवडाला झोप लागली नाही.' सूर्य कधीच मावळत नाही अशा ठिकाणी ते उभं आहे, बाई. रात्र कुठून आणलीस?